ऑडी म्हणजे महागडी फोक्सवॅगनच का?

प्रश्न असा आला आहे: "मित्र म्हणतो, ऑडी ही मुळात लक्झरी कंपनी नव्हेच. फोक्सवॅगनच्या गाडीला चार रिंगा लावल्या आणि किंमत वाढवली, एवढंच. कंपनी मात्र शंभर वर्षांचा वारसा सांगते. खरं काय? आणि त्या चार रिंगांचा अर्थ काय?"

तुमच्या मित्राचं निम्मं बरोबर आहे. उरलेलं निम्मं नेमकं उलटं आहे. सत्तरच्या दशकात फोक्सवॅगन सावरली ती बऱ्याच अंशी ऑडीने घडवलेल्या गाड्यांवर आणि ऑडीच्या इंजिनावर.

मी पुण्यात जर्मन गाड्यांचं गॅरेज चालवतो, बरीच वर्षं झाली. जुन्या पिढीतल्या उभ्या (म्हणजे गाडीच्या लांबीच्या दिशेने बसवलेल्या) इंजिनाच्या ऑडीचा टायमिंग बेल्ट बदलायचा म्हटलं की आधी बंपर काढायचा आणि रेडिएटर धरून ठेवणारी पुढची अख्खी चौकट पुढे ओढून घ्यायची. त्याला सर्व्हिस पोझिशन म्हणतात. नवा पोरगा कामाला लागला की हमखास विचारतो, एवढं चिकटून इंजिन बसवलंच कशाला? मर्सिडीझ, बीएमडब्ल्यूत इंजिन पुढच्या चाकांच्या रेषेवर किंवा तिच्या मागे बसतं. ऑडीत वर्षानुवर्षं ते त्या रेषेच्या पुढे लटकत आलं. याचं उत्तर इंजिनिअरिंगपेक्षा इतिहासात जास्त आहे, म्हणून तुमचं उत्तरही तिथूनच देतो.

सुरुवात आउगुस्ट हॉर्चपासून. मोझेल नदीकाठच्या विनिंगेन गावातल्या लोहाराचा हा मुलगा मानहाइमला कार्ल बेंझच्या कारखान्यात गाड्या बनवण्याचं काम बघायचा. १८९९ मध्ये त्याने कोलोनला स्वतःची कंपनी काढली आणि ती हलवत हलवत १९०४ पर्यंत सॅक्सनीतल्या त्स्विकाउ शहरात नेली. पाच वर्षांत संचालकांशी बिनसलं. १९०९ मध्ये तो बाहेर पडला आणि त्याच शहरात दुसरी कंपनी उभी करून बसला. हॉर्च हे नाव मात्र आधीच्या कंपनीचं झालं होतं. कोर्टात खटला झाला, तो हरला. मग एका भागीदाराच्या शाळकरी मुलाने हॉर्च, म्हणजे 'ऐक', याचं लॅटिन रूप सुचवलं: आउडी. १९१० पासून कंपनी त्या नावाने चालू लागली. आल्प्सच्या डोंगररस्त्यांवरच्या शर्यतींत १९१४ पर्यंत या गाड्यांनी चांगलं नाव कमावलं.

पण लक्षात घ्या, लक्झरी म्हणून जर्मनीत ज्या गाडीकडे लोक वळून बघायचे ती ऑडी नव्हती, ती हॉर्च होती. १९२६ मध्ये गोटलिब डाइमलरच्या मुलाने, पाउल डाइमलरने, हॉर्चसाठी आठ सिलिंडरचं इंजिन आखलं आणि तिशीच्या दशकात मोठ्या मर्सिडीझशी टक्कर द्यायला हॉर्च उभी राहिली. ऑडी त्या मानाने लहान कंपनी होती आणि तिचे पैसे सतत संपत असत. १९२८ मध्ये तिचा ताबा रासमुसेन नावाच्या डॅनिश उद्योजकाकडे गेला. त्याची डीकेडब्ल्यू कंपनी त्शोपाउला टू-स्ट्रोक मोटरसायकली बनवायची आणि १९२० च्या दशकाच्या अखेरीस ती जगातली सर्वांत मोठी मोटरसायकल कंपनी झाली होती.

१९२९ च्या मंदीने सगळ्यांचेच हिशोब बिघडले. पैसे अडकले होते सॅक्सनीच्या सरकारी बँकेचे. तिने पुढाकार घेऊन १९३२ मध्ये डीकेडब्ल्यू, हॉर्च, ऑडी आणि वांडररचा मोटार विभाग एकत्र बांधले आणि ऑटो युनियन ही कंपनी तयार झाली. वांडरर ही केम्नित्सची, सायकली आणि टाइपरायटर बनवून मोठी झालेली. चार रिंगा या चार कंपन्यांच्या. वाटणी सरळ होती: स्वस्तात डीकेडब्ल्यू, मध्ये वांडरर, त्याच्या वर ऑडी, सगळ्यांच्या वर हॉर्च. रिंगा त्या काळी ऑटो युनियनच्या शर्यतीच्या गाड्यांवर ठळक दिसायच्या. एकेका गाडीवर तिच्या जुन्या कंपनीचं नाव असायचंच.

या चौघांत पुढे टिकलं ते कुणाचं? सर्वांत स्वस्तवालीचं. डीकेडब्ल्यूने १९३१ मध्ये एफ-१ नावाची छोटी गाडी आणली होती, पुढच्या चाकांना ताकद देणारी. मागे शाफ्ट नाही, त्यामुळे हलकी, स्वस्त, आतून ऐसपैस. ही गाडी आखली गेली ती त्स्विकाउच्या ऑडी कारखान्यात. फ्रंट-व्हील ड्राइव्ह ऑडीच्या रक्तात आलं ते या गरीब घराण्याकडून.

शर्यतींचा काळ मी पटकन संपवतो, कारण त्यावर चाहते रात्र रात्र बोलतात. फर्डिनांड पोर्शने ऑटो युनियनसाठी १६ सिलिंडरची, इंजिन चालकाच्या पाठीमागे असलेली गाडी आखली. १९३४ पासून ती मर्सिडीझशी झुंजली. बेर्न्ट रोझमायर १९३६ चा युरोपियन विजेता ठरला आणि २८ जानेवारी १९३८ रोजी फ्रँकफुर्ट-डार्मश्टाट महामार्गावर वेगाचा विक्रम करायच्या प्रयत्नात गेला. या सगळ्यामागे नाझी सरकारचा पैसा होता, हे जाहिरातीत सहसा येत नाही. युद्धात हीच कंपनी शस्त्रसामग्री बनवत होती. ऑडीनेच करून घेतलेला आणि २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेला इतिहासकारांचा अभ्यास सांगतो की ७ छळछावण्यांमधून ३,७०० हून अधिक कैद्यांना ऑटो युनियनसाठी राबवलं गेलं. त्याशिवाय हजारो सक्तीचे मजूर होते. शंभर वर्षांचा वारसा सांगायचा तर हेही त्याच वारशात येतं.

युद्ध संपलं तेव्हा सगळे कारखाने रशियन ताब्यातल्या भागात होते. यंत्रं उखडून नेली गेली, आणि १९४८ मध्ये केम्नित्सच्या नोंदवहीतून कंपनीचं नाव खोडलं गेलं. त्स्विकाउच्या त्याच आवारात पुढे पूर्व जर्मनीची ट्राबांट बनू लागली. ती टू-स्ट्रोक आणि फ्रंट-व्हील ड्राइव्ह होती, म्हणजे सरळ डीकेडब्ल्यूच्या वळणाची. १९५७ ते १९९१ या काळात सुमारे ३० लाख ट्राबांट निघाल्या. ऑडी आणि ट्राबांट ही चुलत भावंडं आहेत हे सांगितलं की गिऱ्हाईक माझ्याकडे संशयाने बघतं.

काही अधिकारी पश्चिमेकडे पळून आले होते. त्यांनी बव्हेरियातल्या इंगोलश्टाटला आधी सुट्या भागांचं कोठार टाकलं आणि ३ सप्टेंबर १९४९ रोजी नवी ऑटो युनियन नोंदवली. पैसा नाही, देशात पेट्रोल महाग, लोकांना हवं होतं स्वस्त वाहन. त्यामुळे बनवायला घेतलं ते डीकेडब्ल्यूचं सामान: छोटी माल-व्हॅन आणि १२५ सीसीची मोटरसायकल. हॉर्च संपली, वांडरर संपली, ऑडी हे नाव १९६५ पर्यंत कुठल्याच नव्या गाडीवर नव्हतं. म्हणून 'अखंड वारसा' म्हणतात तेव्हा मी हसतो.

आता पुढचा भाग नीट वाचा, कारण तुमच्या मित्राला बहुधा हा ठाऊक नसेल. फोक्सवॅगनच्या आधी ही कंपनी मर्सिडीझवाल्यांच्या मालकीची होती. १९५८ मध्ये डाइमलर-बेंझने ऑटो युनियनचे ८८ टक्के आणि वर्षभरात उरलेले शेअर घेतले. पण इंगोलश्टाटचा माल अजून टू-स्ट्रोक होता. ज्यांनी जुन्या बजाज स्कूटरच्या पेट्रोलमध्ये ऑइल घालून घेतलंय त्यांना त्याचा धूर आणि वास सांगायला नको. साठच्या दशकातल्या जर्मन मध्यमवर्गाला तो नकोसा झाला होता. त्यात १९६२-६३ चा हिवाळा कमालीचा कडाक्याचा निघाला. पेट्रोलमध्ये ऑइल आपोआप मिसळणारी नवी सोय थंडीत साथ देईना, इंजिनं जॅम झाली आणि बदनामी झाली.

डाइमलरने मग आपला एक इंजिनिअर इंगोलश्टाटला पाठवला: लुडविग क्राउस. शर्यतीच्या मर्सिडीझवर काम केलेला माणूस. येताना त्याने सोबत एक फोर-स्ट्रोक, चार सिलिंडरचं इंजिन आणलं, जे मर्सिडीझच्याच टेबलावर आखलं गेलं होतं. त्याचं कॉम्प्रेशन ११.२ होतं, पेट्रोल इंजिनाला तेव्हा फारच जास्त. पेट्रोल आणि डिझेल इंजिनांच्या मधलं, म्हणून त्याला 'मध्यम दाबाचं इंजिन' म्हणत. गाडी मात्र नवी आखायला पैसे नव्हते. हाताशी होती डीकेडब्ल्यूची एफ-१०२, तीन सिलिंडरच्या आखूड टू-स्ट्रोक इंजिनासाठी बनवलेली, ज्यात इंजिन पुढच्या चाकांच्या पुढे आणि गिअरबॉक्स मागे असे. त्या आखूड जागेत चार सिलिंडरचं लांब इंजिन घुसवायचं होतं. बॉनेट थोडं लांबवलं, रेडिएटर इंजिनाच्या समोरून काढून बाजूला बसवला आणि काम भागवलं.

पुढच्या पिढ्यांनी ही मांडणी तशीच उचलली. माझ्या गॅरेजमध्ये आजही बंपर काढून चौकट पुढे ओढावी लागते ती या १९६५ च्या तडजोडीमुळे. ए-५ आणि तिच्या पाठोपाठच्या ए-४ पर्यंत, म्हणजे २००७-०८ पर्यंत, हे असंच चाललं. तेव्हा डिफरन्शियल (चाकांमध्ये ताकद वाटून देणारा गिअरसंच) क्लचच्या पुढे आणून पुढची चाकं १५४ मिलिमीटर पुढे सरकवली. त्या आधीची आणि नंतरची गाडी घाटात लागोपाठ चालवून बघा, नाक किती जड होतं ते स्टिअरिंगवर कळतं.

१९६५ च्या त्या गाडीवर डीकेडब्ल्यू हे नाव लावायची सोय नव्हती. नाव ऐकलं की लोकांना धूर आठवायचा. म्हणून कपाटातलं एक विसरलेलं नाव काढलं: ऑडी. तोवर मालक बदलत होता. डाइमलरने कंपनी फोक्सवॅगनला विकायला काढली होती आणि १९६६ पर्यंत ती पूर्णपणे तिकडे गेली. फोक्सवॅगनला ऑडीत रस नव्हता, कारखान्यात होता. इंगोलश्टाटला बीटल बनू लागल्या, १९६९ पर्यंत सुमारे साडेतीन लाख. फोक्सवॅगनचा प्रमुख हाइनरिख नॉर्डहॉफ याने इंगोलश्टाटला नवीन गाडी आखायची साफ मनाई केली.

क्राउसने ती लपूनछपून आखली. कागदोपत्री काम होतं आहे त्या गाडीच्या बॉडीत सुधारणा करायचं, प्रत्यक्षात मातीचं पूर्ण मॉडेल उभं राहिलं. फोक्सवॅगनच्या मुख्यालयातून, वुल्फ्सबुर्गहून, इंगोलश्टाट सांभाळायला आलेला रुडॉल्फ लायडिंग याच्या नजरेला ते पडलं. तो फोक्सवॅगनचा माणूस, पण त्याने गप्प न बसवता वरिष्ठांकडे रदबदली केली. नॉर्डहॉफने गाडी पाहिली आणि परवानगी दिली. १९६८ च्या नोव्हेंबरात ऑडी १०० लोकांसमोर आली आणि पहिल्या पिढीच्या ८ लाखांहून अधिक गाड्या गेल्या. मालकाचा हुकूम मोडून काढलेल्या या एका गाडीने इंगोलश्टाट फोक्सवॅगनचं गोदाम होण्यापासून वाचलं. कंपनीचा खरा जन्म मी १९०९ चा नाही, हा मानतो.

१९६९ मध्ये नेकार्सुल्मची एनएसयू कंपनीही यात मिसळली. फिरत्या पिस्टनच्या वँकेल इंजिनाची देखणी आरओ-८० तिचीच. त्या गाडीच्या मालकांना इंजिन बदलून देता देता कंपनी घाईला आली होती.

आता 'महागडी फोक्सवॅगन' या मुद्द्यावर येऊ. सत्तरच्या सुरुवातीला फोक्सवॅगन बीटलवरच अडकली होती: मागे इंजिन, हवेने थंड होणारं, विक्री घसरणारी. पाणी-थंड इंजिन आणि फ्रंट-व्हील ड्राइव्ह येत होतं ते इंगोलश्टाटला आणि नेकार्सुल्मला. फोक्सवॅगनने विकलेली तशी पहिली गाडी, १९७० ची के-७०, एनएसयूने आखलेली होती. १९७२ ची ऑडी ८० थोडी बदलून १९७३ ची पासाट झाली. १९७४ च्या ऑडी ५० वरून १९७५ ची पोलो निघाली. आणि ऑडी ८० साठी केलेलं इंजिन, कारखान्याच्या भाषेत ईए-८२७, गोल्फमध्ये गेलं, गोल्फ जीटीआयमध्येही गेलं. आपल्याकडे पहिल्या ऑक्टाव्हियात जे १.९ टीडीआय यायचं, लाख-दोन लाख किलोमीटरला हूं की चूं न करणारं, ते याच कुळातलं. त्या दशकात देणारी ऑडी होती, घेणारी फोक्सवॅगन.

पण लक्झरी? तोवर नाहीच. ऑडी १०० ही जर्मनीत शाळामास्तर आणि सरकारी अधिकाऱ्याची गाडी समजली जायची. ते बदलायचं ठरवलं फर्डिनांड पीएखने, त्या शर्यतीवाल्या पोर्शच्याच नातवाने. १९७२ मध्ये तो ऑडीत आला. वरच्या वर्गात जायचं तर सहा सिलिंडर हवेत, पण त्या लटकणाऱ्या जागेत सहा मावत नव्हते. म्हणून १९७६ मध्ये पाच सिलिंडरचं पेट्रोल इंजिन आलं. एकदा कानात बसलं की त्याचा आवाज विसरत नाही.

मग क्वात्रो. १९७६-७७ च्या हिवाळ्यात फिनलंडच्या बर्फात चाचण्या चालू होत्या. लष्करासाठी केलेली फोक्सवॅगन इल्टिस ही बोजड, कमी ताकदीची जीप तिथे ताकदवान ऑडींना मागे टाकत होती. चारही चाकांना ताकद मिळत होती, एवढंच कारण. यॉर्ग बेन्सिंगर या इंजिनिअरने हीच गोष्ट रस्त्यावरच्या गाडीत करू असं सुचवलं. अडचण अशी की तेव्हाच्या फोर-व्हील ड्राइव्हला वेगळी जड ट्रान्सफर केस (पुढच्या-मागच्या चाकांना ताकद वाटणारी पेटी) लागायची. इंगोलश्टाटच्या लोकांनी गिअरबॉक्समधला एक शाफ्ट पोकळ केला, सुमारे २६ सेंटिमीटरचा. ताकद त्या पोकळ शाफ्टमधून मागे मधल्या डिफरन्शियलला जाते. तिथून अर्धी मागच्या चाकांकडे आणि अर्धी त्याच पोकळीत बसवलेल्या दुसऱ्या शाफ्टमधून परत पुढे. गिअरबॉक्स उघडून हे पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी टेबलावर पाना ठेवून नुसता बघत बसलो होतो.

आणि इथे १९६५ ची तडजोड कामी आली. इंजिन उभं, गिअरबॉक्स त्याच्या मागे, तोंड मागच्या चाकांकडे. शाफ्ट जोडायला जागा आयतीच होती. आडव्या इंजिनाच्या गाडीत हे एवढं सोपं झालं नसतं. ३ मार्च १९८० रोजी जिनिव्हाला गाडी दाखवली, २०० अश्वशक्तीची. पुढच्या वर्षी मिशेल मूतोंने सॅनरेमो रॅली जिंकली. जागतिक रॅली मालिकेतली फेरी जिंकणारी ती पहिली स्त्री. १९८२ आणि १९८४ ला कंपन्यांचं जगज्जेतेपद, १९८३ ला मिकोला आणि १९८४ ला ब्लोमक्विस्ट चालकांत पहिले.

आपल्या पिढीला ऑडी हे नाव कळलं ते मात्र रॅलीमुळे नाही. १० मार्च १९८५, मेलबर्न, समोर पाकिस्तान, आणि मुंबईच्या रवी शास्त्रीला मिळालेली ऑडी १००. टपावर, बॉनेटवर चढलेला अख्खा भारतीय संघ ज्यांनी टीव्हीवर पाहिला त्यांना ती गाडी कितीची, कुठली, काही ठाऊक नव्हतं. शोरूम येण्याच्या दोन दशकं आधी अशी जाहिरात या देशात कुणालाच मिळाली नसेल.

वर जाण्याचा रस्ता सरळ नव्हता. अमेरिकेत १९८६ मध्ये एका टीव्ही कार्यक्रमाने ऑडी ५००० आपोआप सुसाट सुटते असा आरोप केला. १९८९ मध्ये तिथल्या सरकारी यंत्रणेने बहुतेक प्रकरणांत चालकाने ब्रेकऐवजी अ‍ॅक्सलरेटर दाबल्याचा निष्कर्ष काढला. तोवर वर्षाची विक्री ७४ हजारांवरून घसरत चालली होती, १९९१ ला ती १२ हजारांवर आली. ऑटोमॅटिक गाडीत ब्रेक दाबल्याशिवाय पार्कमधून गिअर निघत नाही, ही आजची सोय सरसकट झाली त्यामागे या प्रकरणाचा मोठा हात आहे.

मर्सिडीझ एस-क्लासच्या रांगेत ऑडी खऱ्या अर्थाने बसली ती १९९४ च्या ए-८ ने, अॅल्युमिनियमच्या सांगाड्यासह. म्हणजे आज आपण ज्याला लक्झरी ऑडी म्हणतो तिचं वय जेमतेम तीस वर्षं.

त्याच सुमारास देणाऱ्या-घेणाऱ्याच्या जागाही बदलल्या. १९९३ मध्ये पीएख फोक्सवॅगनचा प्रमुख झाला आणि त्याने सगळ्या कंपन्यांसाठी एकच पाया वापरायचं धोरण जोरात राबवलं. १९९६ ची ए-३ आणि १९९७ ची चौथी गोल्फ एकाच पायावर उभ्या आहेत. तुमच्या मित्राचं निम्मं बरोबर आहे ते इथपासून. ए-३ आणि क्यू-३ यांचा सांगाडा, सस्पेन्शन, बरंचसं वायरिंग गोल्फ-ऑक्टाव्हियाचं भावंड आहे. एखादा सेन्सर मागवला की खोक्यावर कधी एक, कधी दुसरी कंपनी असते. ए-४, ए-६, क्यू-५ आणि दुसऱ्या पिढीपासूनची क्यू-७ यांचं तसं नाही, त्यांचा पाया ऑडीने आखला आणि तो फोक्सवॅगनने महाग गाड्यांसाठी उसना घेतला. २०१५ च्या डिझेल घोटाळ्यात (चाचणीत प्रदूषण कमी दाखवणाऱ्या सॉफ्टवेअरच्या प्रकरणात) मात्र दोघी सारख्याच अडकल्या; ऑडीचा माजी प्रमुख रूपर्ट श्टाडलर याला २०२३ मध्ये म्युनिकच्या कोर्टाने निलंबित शिक्षा आणि ११ लाख युरोंचा भुर्दंड दिला.

भारतात २००७ पासून ऑडी छत्रपती संभाजीनगरजवळच्या शेंद्र्याला, स्कोडाच्या कारखान्यात जुळवली जाते. २०१३ मध्ये १०,००२ गाड्या विकून ती इथली पहिल्या नंबरची लक्झरी कंपनी होती, नंतर तो नंबर मर्सिडीझने परत घेतला.

जुनी ऑडी बघत असाल तर एक करा. मागच्या क्वात्रोच्या बिल्ल्यावर जाऊ नका, बॉनेट उघडा. इंजिन आडवं असेल तर मागची चाकं क्लचपॅकने जोडली जातात, बऱ्याचशा वेळी गाडी पुढच्याच चाकांवर पळते, आणि त्या युनिटचं ऑइल वेळेवर बदललंय का याचं बिल मागा. इंजिन उभं असेल आणि गाडी २०१५ च्या आसपासची किंवा त्या आधीची असेल, तर बहुधा मधल्या डिफरन्शियलची, कायम चारही चाकांची क्वात्रो मिळेल. दोन्ही गाड्या चांगल्याच आहेत, पण आडवीला उभीचा भाव देऊ नका.